चार वायरी, दोन पाणी

आमच्या घरात दोन तऱ्हेचं पाणी होतं आणि दोघांचा संसार वेगळा होता. चाळीमागच्या विहिरीचं पाणी खारं. त्यात डाळ शिजायची नाही, साबणाला फेस यायचा नाही आणि केस धुतले की काथ्या झाला म्हणून समजा. ते निळ्या बादलीत भरलेलं असायचं; आंघोळीला, भांड्यांना, फरशीला. गोडं पाणी सकाळी तासभर नळाला येई. ते तांब्याच्या पिंपात, पिंपावर ताट, ताटावर ओगराळं. प्यायला, शिजवायला आणि देवाला, एवढ्यासाठीच त्याला हात लावायचा असा आईचा कायदा होता. आई साताऱ्याकडची. बोईसरला येऊन इतकी वर्षं झाली तरी खाऱ्या पाण्याशी तिचं काही जमलं नाही. दोरीवरच्या कपड्यांवर पांढरी रेघ दिसली की ती पुटपुटायची, "धुतलं का मिठात घातलं, काय कळंना." मी मात्र त्याच पाण्यावर वाढले होते. मला त्यात वावगं असं काही दिसत नसे, आणि दोन पाण्यांचा हा सोवळेपणा मला आईची हौस वाटायची.

बाबा एमआयडीसीतल्या एका कापड गिरणीत इलेक्ट्रिशियन होते. कमी बोलणारा माणूस. त्यांच्या खिशात टेस्टर असायचा तो झोपतानाच काय तो निघायचा. गिरणीतल्या एका साहेबांची बदली झाली तेव्हा त्यांची जुनी गाडी बाबांनी घेतली. गाडीचं नाव सांगत बसत नाही. त्या काळी रस्त्यावर मोजून दोन तऱ्हेच्या गाड्या दिसायच्या, त्यातली ही लहानखुरी, गोल दिव्यांची, दुधाळ चहाच्या रंगाची. आमच्या चाळीत तोवर सायकलीपलीकडे कुणी गेलं नव्हतं. शेजारच्या पाटीलकाकू, इथल्याच, तारापूरकडच्या, त्या दारात उभ्या राहून म्हणाल्या होत्या, "आता तुमी मोठी मान्सं झालाव. आमाला वलख द्याल ना?" आईनं त्यांना लगेच गाडीत बसवून बाजारातल्या चित्रालय नाक्यापर्यंत फिरवून आणलं. तिला स्वतःला गाडीतलं काहीच येत नव्हतं. दाराची काच खाली करायची तर ती माझ्याकडे बघायची.

रविवारी बाबा बॉनेट उघडत आणि मला हाक मारत. मुलगा असता तर त्याला मारली असती असं नातेवाईक म्हणायचे. बाबांच्या तसं काही मनात होतं असं मला कधी वाटलं नाही. त्यांना फक्त पाना धरायला कुणीतरी हवं असायचं आणि मला प्रश्न विचारायला कुणीतरी. डिस्ट्रिब्युटरच्या काळ्या टोपीतून चार जाड वायरी निघून चार प्लगांना जातात, त्यांच्यातून पाळीपाळीनं वीज जाते, ठिणगी पडते, पेट्रोल पेटतं, हे मला भूमितीच्या प्रमेयाआधी पाठ झालं. "ह्या गाडीच्या शिरा," बाबा म्हणायचे. "ह्यांची कातडी शाबूत पाहिजे. कातडी फाटली की वीज मधेच पळते." त्या वायरींच्या काळ्या रबरावर बारीक बारीक भेगा होत्या, म्हाताऱ्या माणसाच्या टाचेला असतात तशा. बदलायला हव्यात, असं बाबा दर रविवारी म्हणत आणि पुढच्या रविवारवर ढकलत. गाडी चांगली चालत होती, म्हणून.

त्या वर्षी दसऱ्याला बाबा गिरणीतल्या यंत्रांच्या पूजेला गेले होते. दसऱ्याला बोईसरमध्ये सगळ्या कारखान्यांतून यंत्रांना हार पडतात, झेंडूच्या वासात तेलाचा वास मिसळतो आणि एरवी भोंग्यांनी भरलेला दिवस अचानक गप्प होतो. घरी आई पुरण वाटत होती. तिचे हात भरलेले, म्हणून गाडीची आणि बाबांच्या हत्यारांची पूजा माझ्याकडे आली. ती आतून म्हणाली, "निमे, हळदकुंकू गोड्या पाण्यात कालव गं. देवाचं हाय." मी हो म्हटलं. पिंपावरच्या ताटावर कढत कटाचं पातेलं ठेवलेलं होतं. ते कोण उचलणार? मी वाटी निळ्या बादलीत बुडवली. मग बॉनेटवर स्वस्तिक काढलं, चाकांना बोटं लावली, पकडीला, पान्यांना, मीटरला टिळे लावले. तरी वाटीत बरंच उरलं होतं. मला बाबांच्या शिरा आठवल्या. मी बॉनेट उघडलं आणि चारी वायरींना, टोपीपासच्या टोकाशी, ओल्या हळदकुंकवाची पाच पाच बोटं दाबून लावली. वायर मुठीत धरून, अगदी सगळीकडून गोल. मग बॉनेट लावून टाकलं. कुणाला सांगितलं नाही. देवाला आणि मला माहीत, असा एक गोड अभिमान होता त्यात.

आता मी पालघरला राहते, कोळगावच्या बाजूला, तिसऱ्या मजल्यावर. मुलीची गाडी विजेवर चालते. ती सुरू झाली की नाही हे पडद्यावर बघून कळतं. तिचं झाकण उघडलं तर आत एक सपाट काळं प्लॅस्टिक आहे, कुंकू लावायचं तर कुठं लावायचं हा प्रश्न पडेल. मुलगी म्हणते, "आई, तू गाडीत बसलीस की कान का लावून बसतेस?" मी तिला काही सांगत नाही. हे लिहितेय तेही ती वाचेलच असं नाही.

त्या वर्षीची दिवाळी होऊन आठवडा झाला असेल. सकाळी नळाला पाणी आलं आणि आईनं कळशी उचलली नाही. ओट्याला टेकून उभी राहिली, म्हणाली, छातीवर कुणीतरी पाटा ठेवलाय. अंगाला घाम सुटलेला आणि बाहेर तर चांगला गारवा. कोपऱ्यावरच्या डॉक्टरांनी दोन मिनिटं नाडी धरली आणि बाबांना बाजूला घेऊन सांगितलं की पालघरला न्या, वेळ घालवू नका. बाबांनी आईला मागच्या सीटवर झोपवलं, तिचं डोकं माझ्या मांडीवर. त्या वेळी दव असं पडलं होतं की गाडीच्या काचेवरून पाण्याचे ओघळ येत होते. उजाडलं होतं, पण उजेडाला अजून रंग आला नव्हता.

उमरोळीच्या अलीकडे रस्ता खाजणातून जातो. दोन्ही बाजूंना भरतीचं पाणी शिरतं, चिखल, तिवरं, आणि मध्ये रस्त्याखालून पाणी जायला एक छोटी मोरी. तिथं धुकं जमिनीवर बसलेलं होतं. गाडी त्यात शिरली आणि तिचा आवाज बदलला. एरवी चार ठोके सारखे पडायचे. आता तीन पडले आणि चौथ्याच्या जागी काहीच नाही. मग परत तीन. मग दोनच. गाडी हिसके देत मोरीपर्यंत गेली आणि थांबली. बाबा उतरले, बॉनेट उघडलं, आणि त्या उघड्या पत्र्यामागं ते दिसेनासे झाले. मला अर्धा तास वाटला. दहा मिनिटं असतील, पंधरा असतील. मी त्याचा हिशोब करायचं आता सोडून दिलंय. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. आईनं डोळे उघडले आणि विचारलं, "गॅस बंद केलास का?" मी म्हटलं, केला. मला आठवत नव्हतं. ती म्हणाली, "मग बरं." त्यानंतर ती माझ्याशी काही बोलली नाही.

बाबांनी बॉनेट आपटलं, आत येऊन चावी फिरवली आणि गाडी एका झटक्यात सुरू झाली, चारही ठोक्यांवर. हातातला रुमाल त्यांनी मागं टाकला. त्याच रुमालानं मी आईच्या कपाळावरचा घाम पुसत राहिले, पालघर येईपर्यंत. दवाखान्यात तिला आत नेलं. थोड्या वेळानं डॉक्टर बाहेर आले आणि म्हणाले, "थोडं आधी आणायला हवं होतं." हे वाक्य डॉक्टर बहुतेकांना म्हणतात हे मला फार उशिरा कळलं. त्या दिवशी मला ते फक्त आमच्यासाठीच म्हटल्यासारखं वाटलं.

आईला घरी आणलं तेव्हा तिच्या कपाळावर कुंकू पसरलेलं होतं. चाळीतल्या बायका ते बघून रडल्या आणि रडताना एकमेकींना सांगत राहिल्या की कुंकवासकट गेली, भाग्याची गेली. पाटीलकाकूंनी त्यावरच नवं कुंकू भरलं. तो रुमाल माझ्या मुठीत राहिला होता. पुढं मी तो धुतला, तर लालसर-पिवळा डाग काही जाईना. आईचं कुंकू म्हणून मी तो घडी करून माझ्या पत्र्याच्या पेटीत, तळाशी ठेवला. आई टिकली लावायची, मरून रंगाची, रोज आंघोळीच्या आधी काढून आरशाच्या कडेला चिकटवायची. त्या आरशावर तिच्या सात टिकल्या तेव्हाही होत्या. मी रोज त्यांच्यासमोर उभी राहून वेणी घालत होते, आणि तरी त्या रुमालाबद्दल मला प्रश्न पडला नाही. माणसाला जे हवं असतं ते तो डागातही वाचतो.

तेराव्याला मामा बोलला. आईचा धाकटा भाऊ, नाकावर राग, पण बहिणीवर जीव टाकणारा. जेवणं उरकली होती. तो सगळ्यांसमोर म्हणाला, "दाजी, खटारा घेतलात तो घेतलात, त्याची देखभाल तरी करायची. इलेक्ट्रिशियन म्हणवता आणि माझी बहीण रस्त्यात ताटकळली." बाबा खाली बघून पत्रावळी गोळा करत होते. ते म्हणाले, "माझंच लक्ष नव्हतं." एवढंच. मामा त्यानंतर आमच्या घरी आला नाही. आणि मी, मला वाटलं होतं मामा बोलला ते पुरे होईल, पण माझ्या पोटातलं निवलं नव्हतं. पाहुणे गेल्यावर मी बाबांपुढं उभी राहिले आणि म्हणाले, "तुमच्या गाडीनं आईला मारलं." त्यांनी हातातला झाडू भिंतीला टेकवला. मग म्हणाले, "हो."

त्या "हो"वर मी जवळजवळ वर्षभर जगले. बाबा सकाळचा स्वयंपाक शिकले. पिठलं, भात, आणि आईच्या हाताची चव येईल या आशेनं रोज थोडी वेगळी होणारी आमटी. डाळ ते न चुकता गोड्या पाण्यात लावायचे. मी जेवायचे आणि ताट घासून ठेवायचे, बोलायचे कामापुरतं. दिवाळीच्या करंज्यांचा डबा फडताळात तसाच होता. मला त्याला हात लावता येईना. बाबा कामावरून आल्यावर त्यातली एक काढून चहाबरोबर खायचे. खोबरं खवट झालं तरी खायचे. डबा रिकामा झाला तेव्हा त्यांनी तो धुतला नाही, झाकण लावून परत होता तिथं ठेवला.

आणि गाडी त्या मोरीवर थांबायला लागली. बाबा एकदा मला कॉलेजची चौकशी करायला पालघरला घेऊन निघाले, सकाळच्या धुक्यात, तर तिथंच, तेच तीन ठोके आणि रिकामी जागा. दुसऱ्यांदा गिरणीतल्या एका माणसाला सोडायला गेले तेव्हाही. बाबा उतरून मोरीच्या कठड्यावर बसून राहायचे. ऊन वर आलं की गाडी आपोआप सुरू व्हायची, काही न करता. पाटीलकाकू मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "बाय, रागवू नको, पन तिथं कायतरी हाय. तुजी आय रस्त्यात अडकलीय. एक नारल वाढव तिथं." मी विज्ञान शाखेत अकरावीला होते आणि मला हे हसण्यावारी न्यायचं होतं. पण गाडीत बसले की मागच्या सीटकडे बघायची माझी छाती होत नव्हती. मान वळवली तर ती तिथं पडलेली असेल आणि विचारेल, गॅस बंद केलास का, असं वाटायचं. तिसऱ्यांदा बसायचा प्रसंग आला तेव्हा मी बसलेच नाही. नंतर बाबांनीही गाडी ताडपत्रीखाली घातली. पण तिचा तो आवाज घरात राहिला. पाटीलकाकूंच्या शिलाई मशीनमधून, गिरणीच्या पंपातून, शेजारच्या कुकरमधून मला तीन ठोके ऐकू यायचे आणि चौथ्यासाठी मी श्वास धरून बसायचे. आजही बसते.

श्रावणात, बाबा पहिल्या पाळीला गेले असताना, मी ती ताडपत्री काढली. मला खरं तर पुरावा हवा होता. बाबांनी नक्की कशात हयगय केली, कोणता स्क्रू, कोणता पट्टा, ते मला दाखवून द्यायचं होतं. चाळीतल्या दोघांनी गाडी ढकलत नानू मिस्त्रीच्या शेडमध्ये नेऊन दिली. नानू मिस्त्री किनाऱ्यावरच्या दांडी गावाकडचा, आयुष्य मच्छीमारांच्या बोटींची इंजिनं दुरुस्त करण्यात गेलेलं. डोळा अधू झाला म्हणून गावातून बोईसरला येऊन गाड्यांकडे वळलेला. मी त्याला मोरीची गोष्ट सांगितली, धुक्याची, आपोआप सुरू होण्याची. भुताची सांगितली नाही, पण त्यानं ती ऐकली असणार.

तो म्हणाला, "उनात चालते, दवात मरते. मंग भूत नाय, वायरी हाय."

बाबांचा मीटर मी घरून आणला होता. त्यानं एकेक वायर काढून मला मोजायला लावली. चारींना मीटरचा काटा जिथं जायचा तिथं बरोबर गेला. मला वाटलं, वायरी चांगल्या आहेत. नानूनं मान हलवली. "तार साबूत हाय. कातडी बघायची हाय. ती मीटरला नाय दिसत." त्यानं वायरी परत बसवल्या, कोनाड्यातून एक बाटली आणि इस्त्रीवाल्याकडे असते तशी पाण्याची पिचकारी काढली. बाटलीत खाडीचं पाणी होतं. गोडं का नाही, असं मी विचारलं. "गोड्या पान्यात चोर लपून ऱ्हातो. खारं पानी त्याला भायेर काडते. बोटीवरचा धंदा हाय हा." मग त्यानं शेडचं दार ओढलं, फटींना गोणपाट लावलं, आणि गाडी सुरू केली. "दोन मिन्टं फकस्त. धूर कोंडतो. तू डोलं उगडं ठेव."

भर दुपारी तिथं मिट्ट काळोख झाला. नानूनं वायरींवर पिचकारी मारली. इंजिनचा सूर लगेच बिघडला, तीन आणि एक रिकामी जागा. मग ते दिसलं. काळ्या टोपीपाशी, वायरींवर, निळ्या बारीक ठिणग्या पळत होत्या. वाटेल तशा नाही. पट्ट्या पट्ट्यांनी. एक, दोन, तीन, चार, आणि जरा खाली पाचवी. पुढच्या वायरीवर परत पाच. मी नकळत हात पुढं केला. नानूनं मनगट धरलं, "हात नको, झटका बसल." पण माझी बोटं त्या निळ्या पट्ट्यांच्या वर, वितभर अंतरावर, उघडी राहिली होती आणि त्यांच्यामधलं अंतर आणि त्या पट्ट्यांमधलं अंतर एकच होतं.

दार उघडल्यावर नानूनं एक वायर वाकवून बघितली. वरवरचं कुणीतरी पुसलेलं होतं, पण भेगांच्या आत लालपिवळं भरलेलं होतं. त्यानं ते नखानं खरवडलं आणि जिभेला लावलं. "खारट. कुंकू हाय ह्ये. इहिरीच्या पान्यात कालवलेलं. मीठ भेगेत बसलं. दव पडला की मीठ पानी पेतं आनि वीज भायेरच्या भायेर पलते." मग त्यानं साधेपणानं विचारलं, "कोनी लावला?"

मी म्हटलं, "आईनं. दसऱ्याला."

आयुष्यात मी बरंच खोटं बोलले आहे, बहुतेक किरकोळ. हे एक वाक्य मात्र मला अजून झोपेतून उठवतं. गोड्या पाण्यात कालव असं जिनं सांगितलं तिच्यावरच मी ते घातलं, आणि ते तोंडातून इतकं सहज गेलं. नानूनं डोक्यावरची टोपी काढली. "म्हंजी बिचारीनं सोताच्याच हातानं," एवढंच म्हणाला आणि नव्या वायरी शोधायला वळला.

वायरी त्यानं त्याच दिवशी बदलल्या. बदलल्या म्हणजे मलाच बदलायला लावल्या. त्याच्याकडे दोन तऱ्हेच्या होत्या. एक कार्बनच्या, रेडिओत खरखर येऊ नये म्हणून; दुसऱ्या तांब्याच्या, जाड रबराच्या. "रेडिओ हाय गाडीत? नाय ना. मंग तांब्याच्या घे. हितल्या हवेत जाड कातडीच टिकते." लांबी जुन्या वायरीशी लावून बघायची, आखूड पडली तर ताण येतो, लांब झाली तर तापलेल्या लोखंडावर टेकते. आणि एक काढायची, तिच्या जागी एक लावायची, मगच दुसरीला हात. चारी एकदम काढल्या तर कोणाची पाळी कधी हे गाडी विसरते, म्हणाला. मी एक काढली, एक लावली. प्रत्येक जुनी वायर हातात आली की मी ती ओढणीत गुंडाळत होते. नानूला वाटलं असेल आईची आठवण म्हणून. संध्याकाळ व्हायच्या आत सायकलनं मोरीपर्यंत जाऊन मी त्या खाजणात टाकल्या. भरती होती. त्या तरंगतील असं मला वाटलं होतं, पण त्या सरळ खाली गेल्या.

बाबा आले तेव्हा गाडी जागेवर होती, ताडपत्री घडी करून ठेवलेली. त्यांनी डब्याची पिशवी खाली न ठेवता चावी फिरवली. चार ठोके, सारखे. ते बराच वेळ तसेच ऐकत उभे राहिले.

"वायरी?" त्यांनी विचारलं.

"हो. नानूकाकांकडून."

"जुन्या?"

"टाकल्या."

त्यांनी मान हलवली आणि हातपाय धुवायला गेले. मी त्यांच्यामागं मोरीपर्यंत गेले, न्हाणीच्या मोरीपर्यंत, सांगायचंच म्हणून. त्यांनी निळ्या बादलीतून तांब्या भरून घेतला आणि पायांवर ओतला. मी तशीच परत फिरले. त्या वर्षी दसऱ्याला सण नव्हता, आईचं वर्ष व्हायचं होतं. त्याचं मला इतकं हायसं वाटलं की त्याचीही लाज वाटली. मी बाबांशी पुन्हा बोलायला लागले, जरा जास्तच. त्यांचे कपडे गोड्या पाण्यात धुवायचे, चोरून. मामाला पत्र लिहायला बसायचे आणि "चूक बाबांची नव्हती" इथवर येऊन कागद फाडायचे, कारण पुढचं वाक्य मग कुणाची, हे होतं. गाडी मोरीवर कधीच थांबली नाही. पाटीलकाकू म्हणाल्या, तुजी आय सुटली. मला मात्र ती सुटली असं वाटत नव्हतं. मीच तिला परत तिथं नेऊन सोडलं होतं, ज्या कामाला तिनं हात लावला नव्हता ते तिच्या नावावर करून.

त्याच्या पुढच्या वर्षीचा दसरा. बाबांनी रजा घेतली होती. मी पुरण वाटत होते, आईच्या जागी, हात कोपरापर्यंत भरलेले. बाबांनी पिंपावरचं ताट बाजूला केलं, ओगराळ्यानं वाटीत गोडं पाणी घेतलं आणि स्वतः हळदकुंकू कालवायला लागले. मला म्हणाले, "हात धू. गाडीची पूजा तू कर."

मी बाहेर गेले. ते वाटी घेऊन मागून आले. बॉनेटला हात लावून म्हणाले, "वर लाव. आत नको."

 झेंडूची माळ त्यांच्या मनगटावर होती. ते वाटीतलं कुंकू बोटानं ढवळत होते, गुठळी राहू नये म्हणून, आणि माझ्याकडे बघत नव्हते.

"नानू म्हणाला मला," ते म्हणाले. "तिनं लावलं होतं असं. मी काही बोललो नाही त्याला." मग म्हणाले, "तिला बॉनेट उघडता येत नव्हतं, निमा."

 मी गाडीला टेकले. "तुम्हाला कधी कळलं?"

"मोरीवरच. वायरींवर कुंकू दिसत होतं. तुझी बोटं मला ओळखू येत नाहीत का? रुमालानं पुसलं म्हणून तर सुरू झाली. पुढं त्या वायरी काढायला मात्र माझा हात होईना."

माझ्या पेटीच्या तळाशी घडी घातलेला तो रुमाल. आईच्या कपाळावरचं ते कुंकू, जे बघून बायका तिला भाग्याची म्हणाल्या. त्याच रुमालानं घाम पुसता पुसता ते मीच लावलं होतं. मी रडायला लागले आणि रडताना विचारलं, "मग मी तुम्हाला तसं बोलले तेव्हा तुम्ही हो का म्हणालात?"

बाबांना खरंच कळलं नाही मी काय विचारतेय ते. त्यांनी माझ्याकडे जरा नवलानं बघितलं.

"गाडी माझी होती ना," ते म्हणाले, आणि वाटी माझ्यापुढं धरली.